नाकाचे आठ टक्के

कन्नौजच्या मोटार अपघात न्यायाधिकरणात
मी टंकलेखक.
बोललेलं उतरवतो, रडलेलं नाही.
त्याची कळ माझ्या यंत्रावर नाही.

नफासत अली, वय त्रेचाळीस,
धंदा: अत्तराच्या भट्टीवर कारागीर.
नाकासमोर चालणारा माणूस,
त्या पहाटेही नाकासमोरच चालला होता,
सायकलवर मोगऱ्याची गोणी,
आणि मागून बटाट्यांचा पिकअप.

हाडं शाबूत. डोक्याला मागे सात टाके.
दवाखान्यातून सुटताना त्यानं बायकोला विचारलं,
इथे फिनेल टाकत नाहीत का गं?
मेहजबीननं तेव्हा
पदर नाकावर दाबून धरला होता.

मेडिकल बोर्डाच्या तक्त्यात
हाताला रकाना, पायाला रकाना,
बोटाच्या पेरापेराला रकाना.
वास शेवटच्या पानावर, बारीक अक्षरात.
संपूर्ण शरीराच्या मानाने: आठ टक्के.

भट्टीचे मालक रम्मनलाल साक्षीला आले.
म्हणाले, तांब्याच्या देगेवर काटा नसतो, साहेब.
आग कधी ओढायची, हे याचं नाक सांगायचं.
एक घटका उशीर झाला तर फुलांची भाजी होते.
पगाराची पावती? ते हसले.
आमच्याकडे पावती म्हणजे रविवारी हातावर ठेवलेले पैसे.

मग उलटतपासणी.
कंपनीचे वकील कटियार यांनी खिशातून बाटली काढली,
बूच उघडून त्याच्या नाकाखाली धरली.
नफासत अली ठसकला. डोळे भरून आले.
कटियार वळले : नोंद व्हावी,
अर्जदारास वास येतो.
मी नोंद केली. सगळं कोर्ट
त्याच्याकडे चोरासारखं बघत होतं.

डॉक्टर सचान बाई शांतपणे उठल्या.
तो अमोनिया आहे, त्या म्हणाल्या.
तो नाकाला झोंबतो.
झोंबण्याची शीर वेगळी, वासाची वेगळी.
वास घेणारी तुटली, जळणारी शिल्लक आहे.
आणि ज्याला अमोनियानंही काही होत नाही,
तोच बहुधा खोटं बोलत असतो.

साहेब बराच वेळ काही बोलले नाहीत.
पंख्याखाली कागद फडफडला, त्यावर पेपरवेट ठेवलं.

मग पेन्सिलीनं हिशोब.
महिना नऊ हजार, कुशल कारागीर म्हणून.
पुढे वाढला असता, त्याचे पंचवीस टक्के.
वर्षाचे एक लाख पस्तीस हजार.
वय त्रेचाळीस, म्हणून गुणक चौदा.
इथपर्यंत दोन्ही वकिलांच्या माना हलत होत्या.
आता टक्के.
आठ धरले तर एक लाख एक्कावन्न हजार दोनशे.
साहेबांनी आठावर काट मारली.
शरीर किती गेलं हा प्रश्न डॉक्टरांचा,
रोजी किती गेली हा माझा, ते म्हणाले. लिहा, साठ.
शंभर का नाही, असं अर्जदाराच्या वकिलानं विचारलं.
गोण्या उचलता येतात ना अजून, साहेब म्हणाले.
अकरा लाख चौतीस हजार.
वेदना व क्लेश, वेगळे. पौष्टिक आहार, वेगळा.
जीवनातील सुखांची हानी : चाळीस हजार.
तिथं माझं बोट थोडं अडखळलं.
करपलेली डाळ, नासलेलं दूध,
रात्री चालू राहिलेला गॅस,
धाकट्या लेकीचं टाळू,
हे सगळं एका ओळीत.

नक्कल घ्यायला दोघं जानेवारीत आली.
दोन वर्षांच्या तारखांनी मेहजबीनच्या नाकी नऊ आले होते.
त्याच्या कानाच्या पाळीत कापसाचा फाया होता,
पूर्वीसारखाच.
ही रोज सकाळी लावते, तो म्हणाला.
बाबूजी, आज कोणता आहे?

मी वाकलो. कापूस कोरडा होता.
पुसट हळदीचा वास आला, तो तिच्या बोटांचा असावा.
मेहजबीन खिडकीबाहेर बघत होती.
खस, मी म्हणालो.

तो मोठ्यानं हसला.
जानेवारीत खस कोण लावतं, बाबूजी?
आणि नकलेच्या शेवटच्या पानावर,
मी बोट ठेवलं तिथं,
त्यानं सही केली.