घर फिरताना

जमीन आमची, असं माझे वडील म्हणाले.
काकाला जाऊन तेव्हा महिनाही झाला नव्हता.
एडेलमिरा काकू बटाटे सोलत होती.
साल एकसंध निघाली पाहिजे हा तिचा हट्ट,
ती सुटेपर्यंत तिने मान वर केली नाही.
मग म्हणाली, जमीन तुमची, खरं आहे.
घर माझं.
घेऊन जाते.

आमच्या चिलोए बेटावर हे वेड्याचं बोलणं नाही.
लाकडी घरं, ओंडक्यांवर नुसती ठेवलेली.
बैल जुंपा, दोर बांधा, घर निघतं.
पण गाव लागतं त्याला,
आणि गाव मागावं लागतं
दारोदार, डोक्यावरचा रुमाल काढून.

तसं वडील म्हणाले होते, राहा की.
फक्त तो माग मोडून टाक, जागा अडते.
मेंढ्या आमच्यात मिसळ.
मागच्या खोलीत पोरगा झोपेल.
पोरगा म्हणजे मी.
इतक्या लहानसहान गोष्टी,
की नाही म्हणणारीच आडमुठी दिसावी.
ती दिसली.

पावसात फिरली ती, आठ दिवस.
प्रत्येक उंबऱ्यावर एकच वाक्य:
मला एकटीनं राहायचंय,
त्यासाठी साठ माणसं हवीत.
म्हातारा बार्रिया हसला, हसता हसता खोकला,
आणि खोकला थांबल्यावर
बैलांच्या दोन जोड्या देतो म्हणाला.

फेब्रुवारीतल्या मोठ्या भरतीचा दिवस.
काचा काढून घोंगड्यांत गुंडाळलेल्या.
चूल उतरवा, जड आहे, सगळे म्हणाले.
चूल राहील, ती म्हणाली.
आमचे बैल गोठ्यात हंबरत होते
दुसऱ्यांच्या बैलांचा आवाज ऐकून.
वडील कुंपणापाशी, हात खिशात.
मला कुणी बोलावलं नव्हतं.
मी त्यांच्या समोरून गेलो
आणि आत शिरून मधल्या खांबाचा टेकू धरला.

घर फिरलं की वासेही फिरतात म्हणतात.
मी खालून पाहिलं ते.
आधी एक कण्हणं, मग चर्र,
मग छप्पर आभाळाखालून सरकायला लागलं.
चाळीस वर्षांची काजळी माझ्या केसांत पडली,
आणि एका फटीतून ऊन आलं
तिथे, जिथे ते कधीच येत नसे.
वासे फिरले.
तिच्या बाजूने.

पाण्यात शिरल्यावर मात्र सगळे गप्प.
दोन मोटरबोटी पुढे, मागे घर,
हलकं, जरासं कलंडलेलं,
लग्नात बसलेल्या म्हाताऱ्या पाहुणीसारखं.
जमिनीच्या फळ्यांतून पाणी वर आलं, घोट्याएवढं.
एक बटाटा तरंगत दाराबाहेर गेला.
काकू पुढच्या बोटीत बसली होती, तोंड पलीकडे.
एकदाही वळली नाही.
मला वाटलं धीर आहे.
आता वाटतं, भीती असेल.

पलीकडे तिने अकरा वर्षांच्या लोकरीतून
जमिनीची एक चिंधी घेऊन ठेवली होती.
काकाला ठाऊक होतं का, मी विचारलेलं नाही.
घर टेकलं तेव्हा दार समुद्राकडे, रस्ता पाठीशी.
फिरवू या, बैल आहेत अजून, सगळे म्हणाले.
राहू दे.
यायचं त्यानं वळसा घालून यावं.

सहा वर्षं झाली.
ती फेडते आहे, एकेका माणसाचा एकेक दिवस:
कुणाचे बटाटे काढते, कुणाची लोकर धुते,
कुणाच्या बाळंतिणीपाशी रात्रभर जागते.
भिंतीवर खडूच्या रेघा, तेवीस उरल्यात.

अलीकडे, आमच्या कुरणात,
घराएवढा एक फिकट चौकोन आहे अजून.
मेंढ्या त्याला वळसा घालतात.
वडील तिथे काही बांधत नाहीत.
काही रात्री मी जाऊन निजतो
मागच्या खोलीच्या जागेवर,
आणि पलीकडचा दिवा विझेपर्यंत पाहतो.

त्या रेघांत माझी रेघ नाही.
का, म्हणून विचारलं एकदा.
तिने साल सुटू दिली, पूर्ण.
म्हणाली,
तू माझ्यासाठी कुठे आला होतास.