प्रश्नचिन्हाचे खिळे

आमच्या छापखान्यात प्रश्नचिन्हं होती एकूण अकरा,
त्यातलं एक मान मोडलेलं.
तेवढी पुरत. कुणाला लागत होती?
गुळाचा भाव, कुस्तीचा निकाल, कुणाचं दहावं,
आणि साहेब बोलले, त्याला पूर्णविराम.
पूर्णविराम मात्र घर भरून वर सांडायचे.

पद्मल नेजदार आली ती शुक्रवारच्या पानावर.
तीन आठवडे तिनं अंबाड्याची भाजी लिहिली.
चौथ्या आठवड्यात इंगवले मास्तरांना कावीळ झाली
आणि दिल्लीचे मोठे साहेब गांधी मैदानात येणार होते.
संपादक म्हणाले, जा, पण फक्त गर्दी लिही.

पत्रकारांच्या बाकावर तिला जागा मिळाली नाही.
हवालदार म्हणाला, बायका तिकडं, दोरीच्या पल्याड.
बसली पल्याड.
रात्री साडेदहाला माझ्या हातात वहीची फाडलेली पानं :
साहेब एक तास नऊ मिनिटं बोलले.
त्यात पाणी हा शब्द सतरा वेळा आला.
दोरीपल्याडच्या बायका सकाळपासून तहानलेल्या होत्या.
आणि खाली, एकटीच ओळ :
घागर स्टेजमागं होती. कुणासाठी?

त्या रात्री मी त्या घरात बोटं घातली.
धूळ निघाली आधी.

पुढं पुण्याहून शंभर मागवावी लागली.
बिल बघून मालक म्हणाले, बाई महाग पडणार.

सर्किट हाऊसवर एका मंत्र्यानं विचारलं,
घरी कोण कोण असतं आपल्या?
आई आणि दोन म्हशी, ती म्हणाली, आता धरणाचं बोला.
उजळाईवाडीला विमानाच्या शिडीखाली
एका वयस्क पुढाऱ्यानं डोक्यावर हात ठेवला, बेटी म्हणाला.
हात निघेपर्यंत ती थांबली.
मग तोच प्रश्न पुन्हा विचारला.

नंतर दिल्ली. रात्रीचा ट्रंक कॉल.
मी भाऊसिंगजी रोडच्या मागच्या गल्लीत,
रिसीव्हर खांद्यानं दाबलेला, हातात स्टिक.
कागद मध्ये नव्हताच,
तिचा आवाज मी थेट शिशात घ्यायचो.
तारेत खरखर, नावं कळायची नाहीत,
तर ती ओरडायची :
र रंकाळ्यातला! ग गंगावेशीतला!
ब, अहो ब, बिंदू चौकातला!
देशाची तीन मंत्रिमंडळं अशी
आमच्या पेठांतून चालत पहिल्या पानावर गेली.

मग ते वर्ष, जेव्हा प्रूफ आधी तपासनीस वाचायचा.
निळी पेन्सिल. सभ्य माणूस, चहात साखर कमी घ्यायचा.
तिच्या बातमीतली त्यानं वाक्यं खोडली
आणि चिन्हं तशीच राहिली, त्याच्या नजरेतून सुटली असतील.
कोऱ्या जागेत सहा प्रश्नचिन्हं.
छापली असती तर चाललं असतं. कागदावर सही होती त्याची.
मी चिमट्यानं एकेक उचलली,
परत घरात टाकली.
त्या जागी खताची जाहिरात बसवली.
पोरं लहान होती.

ती आली दिवाळीला. तो अंक तिनं बघितला होता.
खिळ्यांच्या घोड्यापाशी बराच वेळ उभी राहिली,
मग विचारलं, पोरं कशी आहेत?

ऑफसेट आलं, खिळे किलोवर गेले.
आठवण म्हणून एखादा ठेवून घेतात लोक.
मी नाही ठेवला. शिसं वाईट असतं, सूनबाई म्हणते.

आता ती राजारामपुरीत, सातव्या गल्लीत.
डोळ्यांनी दिसत नाही.
सकाळी मी जातो पेपर वाचून दाखवायला.
आयुष्य उलटी अक्षरं वाचण्यात गेलं,
सुलट वाचताना अजून अडखळतो.
पहिलं पान : साहेब म्हणाले. साहेब म्हणाले. साहेब म्हणाले.
मी पूर्णविरामावर श्वास घेतो.
ती त्याच्या आधीच बोट वर करते,
इथं, म्हणते,
इथं कुणी काहीच विचारलं नाही?