सात फूट, साडेतीन

नऊ वर्षं मी त्याच्या लेन्सपासून
माणसांच्या डोळ्यांपर्यंत टेप ताणत आलो.
सहा फूट दोन. चार फूट साडेनऊ.
कोण रडतंय, कोण खोटं बोलतंय, ते आमचं खातं नव्हतं.
रडणारा फोकसमध्ये आहे ना, बस्स.

नाम ग्यू-हो.
आडनावच नाम, त्यामुळे लाइटवाली पोरं नामदेव म्हणायची
आणि तो ओ द्यायचा.
बाप रांजणगावच्या कारखान्यात साहेब,
हा चौदाचा, खराडीत आठव्या मजल्यावर,
मराठी शिकला ती वॉचमनकडून.
अजून चिडला की बीडकडचं बोलतो.

या मार्चात त्याने कॅमेरा शाहीन बागवानच्या हाती दिला
आणि स्वतः खुर्चीत बसला.
बसला म्हणजे, टेकला.
लॉ कॉलेज रोडच्या टपरीवर सगळे म्हणाले,
चांगला कॅमेरामन होता हो,
वारलेल्या माणसाबद्दल म्हणतात तसं.
पहिल्या दिवशी मॉनिटरसमोरही
त्याचा डावा डोळा मिटलेलाच होता.

दत्तवाडी, तिसरा मजला, लिफ्ट बंद.
उंबऱ्यावर चारचं ऊन,
आठवडाभर आधी येऊन घड्याळ लावून हेरलेलं.
कुंदाताई सबनीस दारात उभ्या.
विचारलं, मी इथे का थांबते?
तो म्हणाला, उजेड तिथे आहे.
त्या म्हणाल्या, ते तुझं कारण झालं.
माझं सांग.

कुणी खोकलंसुद्धा नाही.
प्रॉडक्शनचा पोरगा घड्याळ बघतोय,
खाली कुणीतरी स्कूटरला किक मारतंय, ती लागत नाहीये,
आणि ऊन इंचाइंचानं उंबरा सोडून
चपलांच्या स्टँडवर, तिथून भिंतीवर.
मी टेप धरूनच. शाहीनने दोनदा माझ्याकडे पाहिलं.
त्याला ऊन जाताना दिसत होतं,
आमच्यात सगळ्यात आधी त्यालाच दिसणार.
जाऊ दिलं त्याने.

मग म्हणाला,
आई. पहिलं वर्ष. तिला कुणाशी बोलायला यायचं नाही.
सकाळी दूधवाला यायचा.
त्याच्याकडून तीन शब्द शिकली, एक, दोन, अर्धा.
तो लिफ्टने गेला तरी दारात उभी राहायची.
मी शाळेला निघालो की तिला बाजूला सरकावं लागायचं.
मला वाटायचं, वारा खाते.

एवढंच. पुढे त्याने काही जोडलं नाही.
कुंदाताईंनी पदराचं टोक उगाच सोडलं,
म्हणाल्या, चल, घे.

उजेड कसला, डाळ निवडता आली नसती त्यात.
शाहीनने लेन्स पूर्ण उघडली,
म्हणजे माझ्या हाती फोकसला उरली बोटभर जागा.
कुंदाताई दारात आल्या, थांबल्या,
आणि खूण सोडून पुढे सरकल्या,
आधी ठरलं नव्हतं ते.
ओठ हलत होते. आवाज नव्हता.
मी टेपशिवाय, अंदाजानं, त्यांच्या मागे मागे,
कुणाच्या घरात अंधारात चालावं तसा.

कट कुणी म्हणालंच नाही.
मान वळवून पाहिलं, तर तो मॉनिटरला पाठ करून
सरळ दाराकडे बघत होता,
दोन्ही डोळ्यांनी.

नंतर जिन्यात, ट्रायपॉड उतरवताना विचारलं त्याने,
किती होतं रे अंतर?
मी म्हणालो, सात फूट, साडेतीन.
खोटं. मला माहीत नव्हतं.
त्याने मान हलवली, वहीत लिहून घेतलं,
आणि वॉचमनच्या भाषेत म्हणाला,
लई लांब व्हती.