अंगठा पुन्हा ठेवा

पिशवीत लॅपटॉप, अंगठ्याचं मशीन,
पुसायला रुमाल
आणि खोबरेल तेलाची छोटी बाटली.
म्हाताऱ्या मालकांचे अंगठे मशीनला दिसत नाहीत.
मी म्हणते, पुन्हा ठेवा. जरा दाबून. आता डावा.
कर्वेनगरच्या मेहेंदळे काकू म्हणाल्या,
चाळीस वर्षं भांडी घासून रेषा गेल्या गं,
घर माझं आहे हे आता कशाने सांगू?
तेलाचा थेंब लावला. सातव्या खेपेला हिरवा दिवा लागला.

सगळे एकच विचारतात: अकराच महिने का? बारा का नाहीत?
कायदा तसं काही म्हणत नाही, मी सांगते.
कुणाच्या तरी आजोबांनी एक महिना वाचवून ठेवला होता,
तो अजून कुणी परत मागितलेला नाही.

कागदात भाडेकरू नसतोच.
असतो परवाना देणारा, आणि परवाना घेणारा.
ओटा वापरायचा परवाना,
गॅलरीत दोरी बांधायचा,
खिळा मारायचा मात्र नाही.
गंगाखेडचा नागनाथ मुंढे, नोकरी हिंजवडीला,
वाचता वाचता हसला:
म्हणजे मी राहणार नाही, नुसता आत असणार?
मग बोट ठेवून म्हणाला, लॉक-इन सहा महिने,
हे कुलूप कुणाला?
दोघांनाही, मी म्हटलं.
तुम्ही जायचं नाही, त्यांनी काढायचं नाही.
तेव्हा कुठे मालकांनी चहाचं विचारलं.

शेवटची तारीख पहिल्याच दिवशी माहीत असते
त्यात एक बरं असतं.
भांडायला काही उरत नाही,
रंगाचे पैसे सोडून.

माझं म्हणाल तर मी वडगावात,
दांगटांच्या मागच्या खोलीत. नऊ वर्षं. कागद नाही.
पाच तारखेला पैसे द्यायचे,
कौसाबाई शाळेच्या जुन्या वहीत एक ओळ ओढतात,
आणि खोली एक महिना पुढे सरकते.
दर महिन्याला ती संपत असणार.
आम्हा दोघींना कधी ऐकू आलं नाही.
पहिल्या दिवशी त्या एवढंच म्हणाल्या होत्या,
ऱ्हातीस तवर ऱ्हा.
दिवसभर मी लोकांना बजावते, तोंडी काही ठेवू नका,
आणि रात्री जाऊन
त्याच तोंडी घराचं कुलूप काढते.

परवा त्यांचा विक्रांत जिन्यात भेटला.
ताई, आता कागद करून टाकू. वाईट वाटून घेऊ नका.
आईचं वय झालंय. उद्या काही झालं तर
कोण कुठल्या शब्दावर होतं, कसं कळणार?
आणि फी काय, तुमची तुम्हालाच.
बरोबरच बोलला तो. मीही हेच बोलते,
ह्याच आवाजात, दिवसातून तीनदा.

काल रात्री बसले टाइप करायला.
परवाना घेणारा: तिथे माझं नाव.
हजारभर नावं भरली असतील त्या चौकटीत,
माझं लिहिताना वेलांटी चुकली.
भाडं. डिपॉझिट, जे मी कधी दिलंच नव्हतं.
नोटीस एक महिना.
मुदतीची चौकट रिकामी सोडून पुढे जाता येत नाही.
मी लिहिलं, ऱ्हातीस तवर.
लाल अक्षरं आली:
अंकात भरा.

अकरा भरले.

आज सकाळी कौसाबाईंचा हात हातात घेतला.
ऊन पडलेलं होतं, त्या मेथी निवडत होत्या,
अंगठ्याला माती.
पुसला. ठेवला. लाल.
पुन्हा ठेवा, मी म्हटलं. लाल.
डावा. लाल.
विक्रांत मोबाइलमधून मान वर करून बघत होता.
उमटत न्हाई तर ऱ्हाऊ दे की, त्या म्हणाल्या,
आणि जुडी पुन्हा मांडीवर ओढली.

तेलाची बाटली पिशवीतच होती.
मी पिशवीकडे पाहिलं नाही.
विक्रांत म्हणाला, चला, उद्या बघू.

उद्या पाच तारीख.