दारूखाना, शॉट सतरावा

मनिलाहून आलेली लिगाया म्हणाली,
बावीस वर्षं मी एकच विचारत फिरतेय :
हे उचलतं कोण?
कचरा, ऊस, पुरातली प्रेतं.
आता जहाज.

मी बूम धरून.
गॅसकटरची निळी जीभ माझ्या कानात.

इस्राफिलने कापता कापता थांबून
एका केबिनचं दार दाखवलं.
आतल्या बाजूला पेन्सिलीच्या रेघा, एकीवर एक,
शेजारी तारखा, सेंटिमीटर,
आणि तिच्या भाषेतलं एक नाव.
"पोरीची उंची. फोनवर ऐकून
मांडत असणार कुणी."
शेवटची रेघ तिच्या खांद्याशी आली.

कॅमेरा तिने खाली ठेवला.
मला म्हणाली, तू चालू ठेव.

रेकॉर्डिंगमध्ये अजून आहे :
इस्राफिल विचारतोय,
"मॅडम, दार काट्यावर चढवू?"
मग बराच वेळ
नुसतं भरतीचं पाणी.