एक दात कमी

आदेशात इतकंच होतं:
अर्हंत, वय वर्षे सहा, याचा देह
मंगळवारी साडेदहाला कोर्टापुढे हजर करण्यात यावा.
देह. असाच शब्द.
ठाणे अंमलदार म्हणाले, मुल्लाणी, तुम्ही जा,
बाई बरोबर असली की पोरं रडत नाहीत.

हुपरीत बाबगोंडा मगदूम भट्टीसमोर बसलेले.
मी कागद वाचून दाखवला.
शेवटपर्यंत ऐकून म्हणाले,
कोंडून घातलाय होय आम्ही त्याला?
खरंच, सगळी दारं उघडी होती.
उजळून वाळत घातलेल्या पैंजणांखालून
पोरगं वाकून ये-जा करत होतं.

वर्णन लिहून घेतलं, जसं लिहितात:
उंची तीन फूट आठ इंच, रंग सावळा,
डाव्या कानामागं तीळ,
खालचे पुढचे दोन दात पडलेले.
आज्जी म्हणाली, दुसरा परवाच पडलाय, लिवा की.
तारखेला रकाना नव्हता.

जीपमध्ये त्याच्या मुठीत काहीतरी वाजत होतं.
गोकुळ शिरगाव मागं पडल्यावर मूठ उघडली:
चांदीचं एकच घुंगरू,
चीर नसलेलं, डाख लावून बंद केलेलं.
"ह्यात माझा दात हाय.
भाईर काढायचा तर फोडाय लागतंय, आज्जा म्हणतोय."

भाऊसिंगजी रोडवर, कोर्टाच्या जिन्यात
त्याची आई उभी होती. त्रिशला.
नवऱ्याच्या तेराव्यानंतर आजच बघत होती त्याला.
वकील काहीतरी सांगत होते, तिनं ऐकलं नाही.
हनुवटी धरून त्याचं तोंड उघडलं,
हिरडीवरून बोट फिरवलं
आणि विचारलं,
पहिला कधी पडला रे?

तो माझ्याकडं बघायला लागला.
मी खिशातलं वर्णन काढून पाहिलं.

न्यायमूर्तींनी त्याला एकट्याला आत बोलावलं.
दाराबाहेर शब्द येत नव्हते, फक्त घुंगरू,
थोडं वाजायचं,
मग बराच वेळ गप्प.
शिपाई म्हणाला, बाहेरच काढून घ्यायचं होतं, मॅडम.
मी म्हटलं, तुम्ही घेतलं असतंत?

चार वाजता निकाल. ताबा आईकडे.
दुसऱ्या-चौथ्या शनिवारी हुपरी.
'कल्याण' हा शब्द सात वेळा आला;
मोजण्याशिवाय मला तिथं काम नव्हतं.
त्रिशलानं पावतीवर सही केली:
अल्पवयीन मुलगा सुस्थितीत मिळाला.

जाताना तो वळून आला.
घुंगरू माझ्या हातात कोंबलं.
"शनवारपत्तोर ठेवा.
कुणालाच देऊ नका."

परतीची एसटी चुकली म्हणून
बाबगोंडा जीपमध्येच बसले, मागच्या सीटवर.
वर्दीचा खिसा, त्यावर माझ्या नावाची पट्टी.
प्रत्येक गतिरोधकाला ते वाजत होतं.
त्यांना ऐकू येत असणार,
चाळीस वर्षं त्याच आवाजात गेलेला माणूस.
पट्टणकोडोली आली तरी
ते काही बोलले नाहीत,
मीही नाही.

मुद्देमाल रजिस्टरला नोंद केलेली नाही.