लेखक : काचगुंडे, मुंजाजी

सेलूच्या वाचनालयात आम्ही दोघं
एकाच कार्डावर राहतो.
‘ओल उतरताना’, कविता, पानं चौसष्ट.
खाली, त्याच शाईत :
‘पाणबुडी मोटर : बिघाड आणि दुरुस्ती’, आवृत्ती सहावी.

ग्रंथपाल तातेराव म्हणाले,
मला वाटलं तुम्हीच.
पोटासाठी लिहिलं असंल एखादं.

माझ्या पुस्तकावर शेवटचा शिक्का अठ्ठ्याण्णवचा,
तोही भाच्याच्या नावावर.
त्याच्या पुस्तकात पान उलटायच्या कोपऱ्याला
ग्रीसचे अंगठे, एकावर एक,
आणि सत्तेचाळीसावं पान फाटल्यावर
कुणीतरी खळ करून चिकटवलेलं.
मी ते नाकाला लावून पाहिलं.
कणकेचा वास अजून होता, किंवा मला तसं वाटलं.

नाव आमचं सोपं आहे :
लेकरं जगत नसली की आया पिंपळाखाली जायच्या,
मुंजाला बोलून ठेवायच्या.
माझा पिंपळ सेलूचा, त्याचा मानवतचा.
दोन्ही नवस पावले, एवढंच.

मग लोहगावहून कार्ड आलं, माझ्या पत्त्यावर.
सर, तीनशे फुटांवर मोटर नुसती हुं करते, पाणी फेकत नाही.
मी कळवलं, मी कविता लिहितो.
उलट टपाली उत्तर :
बरं. पण मोटरचं काय?

त्या प्रश्नानं आठवडाभर झोप नीट लागली नाही.
रविवारी मानवत रोडला उतरलो, पुढं ऑटोनं गावात.
रिवाइंडिंगचं दुकान, समोर लिंबाखाली
उघडून ठेवलेल्या मोटरी.
तो तांब्याच्या तारेचे वेढे मोजत होता, ओठ हलवत.
मला पाहून नुसता पंजा वर केला. थांबा.
मात्रा मोजताना मीही असाच हात वर करतो.
घरी कुणी थांबत नाही.
मी थांबलो.

एकशे बारा, म्हणाला. बसा. कामून आलात?
नाव सांगितलं.
तो हसला नाही. हात पुसले,
वार्निशच्या डब्यामागून तीन पत्रं काढली.
तुमची असतील. एकातही मोटर नाही.
दोन ठेवून दिली. एकाला मात्र
राहवलं नाही, उत्तर लिहिलं. माफी असावी.

बोरीच्या एक बाई, शाळेतल्या.
मुलगा घर सोडून गेल्यापासून
नवव्या पानावरच्या कवितेच्या पुढं जाता येत नाही,
पुढं काय करू, असं विचारलं होतं.

काय लिहिलंत?

तो तार कापत बोलला :
लिहिलं, बाई, बंद पडलेली मोटर उघडली
की निम्म्या वेळा आत जळालेलं काहीच नसतं.
बसून बसून जाम झालेली असते.
जोर लावू नका. आधी हातानं फिरवून बघा.

आणि?

त्यानं खिळ्याला अडकवलेल्या पावत्यांतून
एक पोस्टकार्ड ओढून दिलं.
वरती त्याचा पत्ता, माझं नाव,
खाली एकच शब्द :
फिरली.

ते कार्ड मला हवं होतं.
मागता आलं नाही.
चहा झाला. त्यानं पैसे देऊ दिले नाहीत.

सोमवारी मी मोटरचं पुस्तक घरी न्यायला काढलं.
घरचंच आहे, सही कामून करता, म्हणाले तातेराव.
तरी केली.
रजिस्टरात लेखकही मी, वाचकही मी,
आणि दोन्हीकडं खरा मी अर्धाच.

रात्री सत्तेचाळीसावं पान उतरवून काढलं,
लोहगावसाठी. ‘कपॅसिटर’ दोनदा खोडावा लागला,
टचं शेपूट माझ्या हाताला वळेना.
खळीच्या डागाखाली गेलेली अर्धी ओळ
उजेडात धरून अंदाजानं भरली,
आणि अंदाज आहे, असंही लिहिलं.

शेवटी सही केली.
तेवढ्यात खोटं काही नव्हतं.